कॅलिफोर्निया १८९६ आणि १९११: एकच मागणी, दोन मतदानं, दोन निकाल

मृण्मयी_द (धागाकर्ती)

अमेरिकेतल्या स्त्रियांच्या मताधिकाराची चर्चा बहुतेक वेळा १९२० च्या, देशभर स्त्रियांना मत देणाऱ्या १९व्या घटनादुरुस्तीपाशी सुरू होते आणि तिथेच संपते. त्याआधीची कित्येक दशकं हा लढा राज्याराज्यांत चालला. मतदार कोण हे राज्यं ठरवत. त्यामुळे प्रत्येक राज्यात नव्याने उभं राहायचं आणि तिथल्या पुरुषांकडे मतं मागायची, असा तो क्रम होता.

कॅलिफोर्निया त्यात सगळ्यांत अभ्यासण्याजोगं राज्य आहे, कारण हाच प्रश्न तिथे दोनदा मतदानाला गेला. ३ नोव्हेंबर १८९६ ला तो पडला, १० ऑक्टोबर १९११ ला मंजूर झाला.

१८९६: बाजूने १,१०,३५५, विरोधात १,३७,०९९
१९११: बाजूने १,२५,०३७, विरोधात १,२१,४५०

दुसऱ्या वेळचं मताधिक्य ३,५८७. राज्यभरच्या मतदान केंद्रांवर वाटून टाकलं तर केंद्रागणिक जेमतेम एक मत.

आता पद्धत. राज्याच्या घटनेत दुरुस्ती करायची तर ठराव आधी विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांत दोन-तृतीयांशांनी मंजूर व्हावा लागे, आणि तेही हजर सदस्यांच्या नव्हे, एकूण सदस्यसंख्येच्या. म्हणजे सिनेटमध्ये ४० पैकी २७ आणि असेंब्लीत ८० पैकी ५४. गैरहजर राहणारा आमदार प्रत्यक्षात विरोधातच जमा. यातून पार पडलं की राज्यभर मतदान, आणि तिथे साधं बहुमत पुरे. त्या मतदानात अर्थातच फक्त पुरुष.

दोन्ही वेळच्या एकूण मतांची बेरीज करून पाहा: २,४७,४५४ आणि २,४६,४८७. जवळपास तेवढीच. मधल्या पंधरा वर्षांत राज्याची लोकसंख्या कितीतरी वाढली होती. मला या धाग्यात बोलायचंय ते याबद्दल. मतपरिवर्तन किती झालं आणि संघटनेच्या कामाने किती साधलं, हे या आकड्यांतून कितपत उलगडतं?

सह्यकडा

उत्तम विषय. १८९६ च्या पराभवाची कारणं आधी मांडतो, कारण १९११ चा आराखडा त्यांतूनच तयार झाला.

पहिलं कारण तारीख. त्याच दिवशी मॅकिन्ली विरुद्ध ब्रायन ही अध्यक्षपदाची निवडणूक होती. रिपब्लिकन आणि पॉप्युलिस्ट पक्षांनी राज्याच्या जाहीरनाम्यांत मताधिकाराला पाठिंबा दिला होता. डेमोक्रॅट पक्षाने दिला नाही. प्रचार तापला तसा चांदी-सोन्याच्या चलनाचा वाद (डॉलर फक्त सोन्यावर ठेवायचा की चांदीवरही) सगळ्या व्यासपीठांवर पसरला. त्यात डेमोक्रॅट आणि पॉप्युलिस्ट यांची युती झाली आणि जोडीदार नाराज होईल म्हणून पॉप्युलिस्ट वक्ते या विषयावर गप्प बसले. रिपब्लिकनांनीही तो अंगाबाहेर टाकला. जाहीरनाम्यातली ओळ आणि व्यासपीठावरचं भाषण यांत किती अंतर असतं, ते चळवळीच्या राष्ट्रीय नेत्या सुझन अँथनी आणि अॅना हॉवर्ड शॉ यांनी तिथे राहून पाहिलं. अँथनी तेव्हा ७६ वर्षांच्या होत्या.

दुसरं कारण मतपत्रिका. राज्यात अध्यक्षपदासाठी त्या दिवशी जवळपास तीन लाख मतं पडली. मताधिकाराच्या दुरुस्तीवर मात्र अडीच लाखांहूनही कमी. म्हणजे सुमारे पन्नास हजार मतदार केंद्रावर आले, अध्यक्षपदाला मत दिलं आणि मताधिकाराच्या, म्हणजे सहाव्या क्रमांकाच्या दुरुस्तीची जागा कोरी ठेवून निघून गेले. पराभव २६,७४४ मतांचा होता. तेवढी मतं या कोऱ्या जागांतच होती.

तिसरं कारण दारूचे व्यापारी. मतदानाला दहा दिवस उरले असताना त्यांच्या संघटनेने गुत्तेवाले, हॉटेलवाले, औषधविक्रेते आणि किराणा दुकानदार यांना पत्रं पाठवली. या दुरुस्तीविरुद्ध मत देणं तुमच्या आणि आमच्या हिताचं आहे, एवढाच मजकूर. इतक्या उशिरा आलेल्या पत्राला घरोघर जाऊन उत्तर द्यायला वेळच नव्हता. सॅन फ्रान्सिस्को काउंटीत २३,७७२ आणि शेजारच्या अॅलमीडा काउंटीत (ओकलंड त्यातच येतं) ३,६२७ मतांनी ठराव पडला. या दोन काउंटी बाजूला ठेवल्या तर उरलेल्या राज्यात तो साडेसहाशेच्या आसपास मतांनी पुढे होता.

त्याच ३ नोव्हेंबरला शेजारच्या आयडाहोत ही मागणी मंजूर झाली, हेही नोंदवून ठेवावं.

जुनी_वही

सह्यकडा, दारूच्या मुद्द्याला एक आधीची बाजू आहे. फ्रान्सिस विलर्ड यांची स्त्रियांची दारूबंदी संघटना, वुमन्स ख्रिश्चन टेंपरन्स युनियन, तिचं १८९६ चं राष्ट्रीय अधिवेशन कॅलिफोर्नियात भरायचं होतं. अँथनींनी विलर्डबाईंना लिहून विनंती केली की या वर्षी ते इथे घेऊ नका. मत मिळालं की बायका दारू बंद करणार, अशी पुरुष मतदारांची समजूत ऐन प्रचारात पक्की होईल, ही त्यांची भीती. विलर्डबाईंनी ते मानलं आणि अधिवेशन सेंट लुईसला नेलं. तरीही दारूवाल्यांची पत्रं निघालीच. मित्रसंघटनेला लांब ठेवून विरोधक शांत बसत नाहीत, मात्र गावोगाव राबणारे हात कमी होतात. माझ्या मते तो सौदा तोट्याचा झाला.

आपल्या वाचकांसाठी इथे खरा दुवा आहे: पंडिता रमाबाई. मार्च १८८६ मध्ये आनंदीबाई जोशींच्या पदवीदान समारंभासाठी त्या फिलाडेल्फियाला गेल्या आणि १८८८ च्या अखेरीस सॅन फ्रान्सिस्कोहून जहाजाने परतीला लागल्या. मधल्या काळात विलर्डबाईंशी त्यांचा स्नेह जुळला आणि त्या संघटनेसाठी त्यांनी व्याख्यानंही दिली. परत आल्यावर १८८९ साली निघालेल्या त्यांच्या मराठी प्रवासवर्णनात अमेरिकेतल्या स्त्रियांच्या स्थितीचं सविस्तर वर्णन आहे. म्हणजे कॅलिफोर्नियाच्या पहिल्या मतदानाच्या सात वर्षं आधी ही चळवळ मराठीत, प्रत्यक्ष पाहिलेल्या बाईच्या लेखणीतून आलेली होती.

पेन्सिल

एक प्रश्न. १९१० मध्ये वॉशिंग्टन राज्याने हेच मतदान ५२,२९९ विरुद्ध २९,६७६ असं जिंकलं. तिथे एमा स्मिथ डिव्हो यांनी मोर्चे आणि वादंग कटाक्षाने टाळले. ओळखीतल्या मतदारांशी एकेकट्याने बोलायचं, विरोधकांना जाग येईल असं काही करायचं नाही, निधीसाठी पाककृतींचं पुस्तक विकायचं. एक वर्षानंतर कॅलिफोर्नियाने नेमकी उलटी वाट का धरली? ३,५८७ च्या मताधिक्याकडे पाहता ती वाट चुकली असं म्हणता येईल का?

मृण्मयी_द

पेन्सिल, मला तसं वाटत नाही. कारणं सांगते.

वॉशिंग्टनमधल्या बायकांना, ते राज्य होण्याआधी केंद्राच्या ताब्यातला प्रदेश असताना, १८८३ पासून मत होतं, नंतर ते न्यायालयाच्या निकालांनी गेलं. म्हणजे मत देणारी बाई तिथल्या पुरुषांनी पाहिलेली होती. कॅलिफोर्नियात तसं काही घडलेलं नव्हतं.

शिवाय १९११ ची विशेष निवडणूक. हायरम जॉन्सन राज्यपाल झाले आणि सुधारणावाद्यांचं विधिमंडळ आलं. त्यांनी एका दिवशी २३ घटनादुरुस्त्या मतदारांपुढे ठेवल्या. जनमताने कायदा करण्याचा हक्क, निवडून दिलेल्याला परत बोलावण्याचा हक्क (न्यायाधीशांसकट), रेल्वे नियंत्रण वगैरे. वर्तमानपत्रांची सगळी जागा न्यायाधीशांच्या प्रश्नाने खाल्लेली. जॉन्सन स्वतः मताधिकाराच्या बाजूने उघडपणे प्रचाराला उतरले नाहीत. अशा गर्दीत तुम्ही हळू बोललात तर तुमची दुरुस्ती १८९६ सारखी कोरीच राहणार.

त्यात क्रमांकांचा घोळ. विधिमंडळात हिचा क्रमांक ८, मतपत्रिकेवर जागा चौथी. म्हणून प्रचाराच्या कागदांवर ‘मतपत्रिकेवर चौथी जागा’ हे ठसवावं लागलं. मतदाराला तुमचं म्हणणं पटलं आणि त्याने शिक्का भलत्याच ओळीपुढे मारला, तर सहा महिन्यांची मेहनत वाया.

विरोधी बाजूही गप्प नव्हती. मतदारांना पाठवल्या जाणाऱ्या अधिकृत पुस्तिकेत मेंडोसिनोचे सिनेटर सॅनफर्ड यांनी विरोधाचा लेख लिहिला. मत हा हक्क नव्हे, ती सवलत आहे, असा त्यांचा मूळ मुद्दा. दुरुस्तीच्या बाजूने लेख पॅसाडेनाचे सिनेटर बेल आणि असेंब्लीतले कॅटेल यांचा. लॉस एंजेलिस टाइम्सचा विरोध उघड होता आणि त्याच शहरात मताधिकारविरोधी पुरुषांची वेगळी संघटनाही निघाली.

नीरजा_बेएरिया

+१. १९११ चं काम कसं चाललं त्याचे तपशील लिहिते, कारण खरा धडा तिथे आहे.

एकच मोठी संघटना नव्हती. एलिझाबेथ लो वॉटसन यांच्या अध्यक्षतेखाली राज्य संघटना, शिकलेल्या तरुणींची कॉलेज इक्वल सफ्रेज लीग (सफ्रेज म्हणजे मताधिकार; अध्यक्ष शार्लट अनिता व्हिटनी), कामगार बायकांची वेगळी लीग, सलीना सॉलोमन्स यांचा व्होट्स फॉर विमेन क्लब, दक्षिणेत जॉन हाइड ब्रॅली यांनी काढलेली पोलिटिकल इक्वॅलिटी लीग. प्रत्येकीने आपला मतदार निवडून घेतला.

सॉलोमन्स यांचा क्लब सॅन फ्रान्सिस्कोत ३१५, सटर स्ट्रीटवर होता. दुकानांत आणि कचेऱ्यांत काम करणाऱ्या मुलींना तिथे स्वस्तात दुपारचं जेवण मिळे आणि वाचायला पत्रकं असत. मुलींना मत नव्हतं, पण त्या संध्याकाळी घरी जात तिथल्या बाप-भावांना होतं.

गावांसाठी कॉलेज लीगकडे ‘ब्लू लायनर’ नावाची सात माणसांची उघडी मोटार होती. मोटार मुख्य रस्त्यावर उभी करायची, सीटवर उभं राहून बोलायचं, गर्दी पांगायच्या आत पत्रकं वाटायची आणि पुढचं गाव गाठायचं. हॉलचं भाडं नाही. त्याहून मोठा फायदा म्हणजे हॉलमध्ये आधीच पटलेले लोक येतात, रस्त्यावर न पटलेले थांबतात. १८९६ मध्ये सभागृहं भरत होती आणि त्या गर्दीने अंदाज चुकवला होता.

भित्तिपत्रकासाठी स्पर्धा घेतली, ती बर्था बॉये यांनी जिंकली. सैल वस्त्रातली स्त्री, हातात ‘व्होट्स फॉर विमेन’चा फलक, पाठीमागे गोल्डन गेटवर टेकलेला सूर्य तिच्या डोक्यामागे प्रभावळीसारखा. रंग पिवळा, म्हणजे चळवळीचाच. दुकानदारांना गाठून ते खिडक्यांत लावून घेतलं. दुकानदाराने लावलं की गिऱ्हाइकाला ते आपल्या गल्लीतलंच वाटतं.

लॉस एंजेलिसच्या बागांत राजकीय भाषणांना शहराच्या नियमाने बंदी होती. तिथे बायकांनी मताधिकाराची गाणी म्हटली. गाण्यावर बंदी नव्हती.

आणि भाषा. इटालियन, जर्मन, फ्रेंच वस्त्यांसाठी त्या त्या भाषेत पत्रकं निघाली. दक्षिणेत मारिया दे लोपेस या हायस्कूलच्या शिक्षिकेने मजकूर स्पॅनिशमध्ये केला आणि लॉस एंजेलिसच्या प्लाझात स्पॅनिशमध्ये भाषण केलं. नुसतं छापील भाषांतर पुरत नाही. त्या वस्तीतली बाई त्या चौकात उभी राहून बोलते तेव्हा ते बाहेरच्यांचं मागणं राहत नाही. सॅन होजेत साराह मॅसी ओव्हरटन यांनी काळ्या समाजात तेच काम केलं, आणि १८९६ मध्ये नेओमी अँडरसन यांनी.

टाचणखूण

कामगार बायकांच्या लीगवर थोडं थांबायला हवं, कारण ती फुटीतून जन्मली.

१९०७ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत ट्राम कामगारांचा संप झाला. युनियनच्या लोकांनी ट्रामवर बहिष्कार घातला होता. चळवळीतल्या सुखवस्तू बायका ट्रामने जात राहिल्या. वेट्रेस युनियनच्या लुईस लारू आणि त्यांच्या सोबतिणींना हे सहन झालं नाही. १९०८ मध्ये मॉड यंगर यांच्यासह त्यांनी वेज अर्नर्स सफ्रेज लीग काढली. यंगर स्वतः श्रीमंत घरच्या, पण हॉटेलात वाढपीण म्हणून काम करून वेट्रेस युनियनच्या सभासद झालेल्या.

त्यांचा युक्तिवादच निराळा होता. स्त्रिया घर सांभाळतात म्हणून राजकारण शुद्ध करतील, असं त्या म्हणत नव्हत्या. कामाचे तास आणि मजुरी कायद्याने ठरते आणि कायदा मतांनी ठरतो, असं त्यांचं सरळ म्हणणं. १९११ मध्येच राज्यात स्त्रियांसाठी आठ तासांच्या दिवसाचा कायदा झाला होता, तेव्हा हा मुद्दा कुणाला समजावून सांगावा लागत नव्हता. त्या सप्टेंबरच्या कामगार दिनाच्या मिरवणुकीत लीगचा रथ निघाला आणि तो सहा घोडे जुंपून यंगर यांनी स्वतः हाकला. बंदरावरच्या, गिरणीतल्या, छापखान्यातल्या पुरुष मतदारांपर्यंत सुखवस्तू संघटना या मार्गाने कधीच पोचल्या नसत्या.

सह्यकडा

नीरजाताई, तपशील फार मोलाचे. पण निकाल गावांनी फिरवला हे आकड्यांवरून मान्य करावं लागेल. १९११ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत २१,९१२ विरुद्ध ३५,४७१ असा ठराव पडलाच, अॅलमीडातही पडला. लॉस एंजेलिसने थोडकं मताधिक्य दिलं. सगळं तारलं ते खोऱ्यांतल्या शेतकऱ्यांनी.

टाचणखूण

सह्यकडा, तुमच्याच आकड्यांवरून मोजू.

सॅन फ्रान्सिस्कोतली पिछाडी: १८९६ मध्ये २३,७७२, १९११ मध्ये १३,५५९. घट १०,२१३.
उरलेलं राज्य (अॅलमीडासह): १८९६ मध्ये २,९७२ ने मागे, १९११ मध्ये १७,१४६ ने पुढे. फरक २०,११८.

दोन्ही मिळून ३०,३३१. १८९६ ची पिछाडी भरून काढायलाच २६,७४४ लागत होते. म्हणजे सॅन फ्रान्सिस्को जसंच्या तसं राहिलं असतं, तर गावांचे वीस हजार पुरले नसते. सहा हजारांहून अधिक मतांनी पुन्हा हार. गावांशिवाय जमलं नसतं हे खरंच, पण शहरात कमी मतांनी हरणं हेही तितकंच लागत होतं. सटर स्ट्रीटवरची जेवणं आणि कामगार लीगचा रथ यांचा हिशोब या दहा हजारांत आहे.

मृण्मयी_द

टाचणखूण, हीच बेरीज हवी होती. बाजूची मतं पंधरा वर्षांत १४,६८२ ने वाढली आणि विरोधातली १५,६४९ ने घटली. विशेष निवडणुकीला अध्यक्षपदाची ओढ नव्हती, म्हणून उदासीन मतदार घरी राहिले. ज्यांना मुद्दाम बाहेर काढलं ते आले. बायकांची संघटना बाहेर काढण्याचं काम करत होती. मतपरिवर्तन झालंच, पण ते कुठे मोजलं जाईल हे या बायकांना नेमकं कळलं होतं.

पेन्सिल

मोजणीचं काय? शहर विरोधात असताना मतपेट्या सुरक्षित राहतील याची हमी कशी मिळवली?

नीरजा_बेएरिया

हमी नव्हतीच, म्हणून माणसं उभी केली. त्या शहरात पालिकेच्या लाचखोरीचे खटले नुकतेच झालेले होते. त्यातला सूत्रधार एब रूफ १९११ मध्ये सॅन क्वेंटिनच्या तुरुंगात होता. संशयाला जागा होतीच.

मतमोजणी केंद्रावरच, मतदान संपल्यावर लगेच. म्हणून धोक्याच्या तीन वेळा. पहिली दिवसभर, मतदाराला केंद्राच्या वाटेवर चुकीचं सांगितलं जाणं. यासाठी बायका कायद्याने ठरलेल्या अंतराबाहेर पत्रकं घेऊन उभ्या राहिल्या. दुसरी मोजणीची. मतपत्रिकेवर २३ ओळी, मोजणारे थकलेले, एका ओळीचा आकडा दुसरीत गेला तरी कुणाला पत्ता लागायचा नाही. म्हणून केंद्राकेंद्रावर पोलिंग एजंट बसवून आकडे तिथल्या तिथे टिपले. तिसरी मोजणीनंतरची. सीलबंद मतपत्रिका तिजोरीत गेल्यावर तिथे दोन दिवस-रात्र पिंकर्टन या खाजगी गुप्तहेर कंपनीची भाड्याची माणसं पहाऱ्याला ठेवली.

या तिसऱ्या टप्प्याचं महत्त्व नंतर कळलं. ११ ऑक्टोबरच्या सकाळी शहरातल्या वर्तमानपत्रांनी ठराव पडल्याचं छापलं. दूरच्या गावांचे आकडे यायला दोनेक दिवस गेले आणि निकाल हळूहळू उलटला. मताधिक्य इतकं कमी असताना, तेवढ्या दिवसांत शहरातल्या आकड्यांत कुणी थोडी जरी फिरवाफिरव केली असती तरी हातचं गेलं असतं.

एलन क्लार्क सार्जंट यांना हे पाहायला मिळालं नाही. त्या १८९६ च्या लढाईतल्या. त्यांचे पती सिनेटर सार्जंट यांनी १८७८ मध्ये मांडलेला मसुदाच पुढे १९वी दुरुस्ती झाला. एलनबाई जुलै १९११ मध्ये गेल्या, मतदानाला तीन महिने उरले असताना.

जुनी_वही

मत कुणाला मिळालं आणि कुणाला नाही, हेही याच धाग्यात यायला हवं.

ओकलंडमध्ये ८ नोव्हेंबर १९११ रोजी क्लारा एलिझाबेथ चॅन ली आणि एमा टॉम लिअंग यांनी मतदार म्हणून नाव नोंदवलं. मतदार झालेल्या पहिल्या चिनी-अमेरिकन स्त्रिया त्याच मानल्या जातात. त्यांना ते जमलं कारण त्या अमेरिकेत जन्मलेल्या नागरिक होत्या. चीनमध्ये जन्मलेल्यांना, पुरुष असो वा स्त्री, नागरिकत्वच मिळत नव्हतं. शिवाय राज्याच्या घटनेत १८९४ पासून साक्षरतेची अट होती: घटना इंग्रजीत वाचता आणि नाव लिहिता आलं पाहिजे. १९११ च्या दुरुस्तीने पुरुषत्वाची अट काढली, या अटी तशाच ठेवल्या.

नोंदणीत अडकण्याचं आणखी एक कारण लग्न. १९०७ च्या केंद्रीय कायद्याने परदेशी पुरुषाशी लग्न करणारी अमेरिकन स्त्री नवऱ्याच्या देशाची नागरिक ठरे. एथेल मॅकेन्झी कॅलिफोर्नियातच जन्मलेल्या, मताधिकाराच्या कार्यकर्त्या. १९०९ मध्ये त्यांनी स्कॉटिश गायकाशी लग्न केलं. १९१३ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत नाव नोंदवायला गेल्या तर नकार मिळाला. खटला सर्वोच्च न्यायालयात गेला आणि १९१५ मध्ये त्या हरल्या. ज्या मतासाठी राबल्या तेच त्यांना टाकता येईना.

१९२२ च्या केबल कायद्याने हे बरंचसं दुरुस्त केलं, पण नवरा नागरिकत्वाला अपात्र वंशाचा असेल तर बायकोचं नागरिकत्व तरीही जाई. १९२३ मध्ये भगतसिंग थिंड यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने दिलेल्या निकालाने भारतीयही त्या अपात्रांत गेले. त्यामुळे तिथल्या भारतीयाशी लग्न करणारी अमेरिकन स्त्री याच कलमात सापडली. भारतातून तिथे गेलेले क्रांतिकारक तारकनाथ दास यांच्या पत्नी मेरी यांचं नागरिकत्व असंच गेलं. ते कलम १९३१ मध्ये निघालं.